कोर्टाची ऑर्डर समोरचा पाळत नाही? कंटेम्प्ट टाकायच्या आधी हे वाचा

"साहेब, कंटेम्प्ट टाका त्याच्यावर, आत गेला पाहिजे." आठवड्यातून एकदा तरी हे वाक्य माझ्या टेबलासमोर बसून कोणीतरी बोलतंच. मी तालुका कोर्टात वकिली करतो, बांधाचे, वहिवाटीचे, वाटणीचे दावे जास्त. गेल्या वर्षी एक शेतकरी काका आले, हातात निशाणी ५ वरच्या (दाव्यातल्या तात्पुरत्या मनाईच्या अर्जावरच्या) मनाई हुकुमाची कॉपी, तीही लॅमिनेट केलेली, आणि शेजाऱ्याने रविवारी जेसीबी आणून बांध सपाट केलेला. काकांना थेट मुंबई हायकोर्टात जायचं होतं. मी म्हटलं थांबा, आधी चहा घ्या, मग बघू कुठे जायचं ते. कारण कंटेम्प्ट, म्हणजे कोर्टाचा अवमान, हा शब्द सगळ्यांना माहीत असतो पण तो कधी चालतो, कधी चालत नाही आणि त्याच्या आधी काय काय करून ठेवावं लागतं हे बहुतेकांना माहीत नसतं, आणि त्यात वर्ष निघून जातं. वर्ष जाणं इथे किती महागात पडतं ते पुढे सांगतो.

आधी एक घोळ मिटवू. पेपरात कंटेम्प्ट म्हणून जे गाजतं, जजबद्दल ट्वीट केलं, २०२० मध्ये प्रशांत भूषण यांना १ रुपया दंड झाला वगैरे, तो फौजदारी अवमान. आपला विषय तो नाही. दिवाणी अवमानाची व्याख्या १९७१ च्या न्यायालय अवमान कायद्यात कलम २(ब) मध्ये आहे आणि ती सरळ आहे: कोर्टाचा निकाल, हुकूमनामा, आदेश, निर्देश जाणूनबुजून मोडणं, किंवा कोर्टाला दिलेली हमी जाणूनबुजून मोडणं. यातला 'जाणूनबुजून' हा शब्द अधोरेखित करून ठेवा, निम्म्या याचिका तिथेच पडतात. फौजदारी अवमानाला बाहेरच्या माणसाने जायचं तर अ‍ॅडव्होकेट जनरलची संमती लागते, दिवाणीला ती लागत नाही, तुम्ही स्वतः जाऊ शकता.

पहिलं काम: सर्टिफाइड कॉपी काढा आणि शेवटचं पान वाचा

मोबाईलवर ईकोर्ट्सवरून उतरवलेली पीडीएफ वाचायला ठीक आहे, पण नकलेचा अर्ज देऊन सर्टिफाइड कॉपी काढूनच घ्या. सीएनआर नंबर, म्हणजे ईकोर्ट्सवरचा तुमच्या केसचा स्वतंत्र नंबर, १६ अक्षरांचा असतो, तो कुठेतरी लिहून ठेवा, नाहीतर दर वेळी केस शोधण्यात अर्धा तास जातो.

कॉपी आली की निकालातली चर्चा बाजूला ठेवा. जज साहेबांनी परिच्छेद १४ मध्ये समोरच्याला काय काय सुनावलंय याने मनाला बरं वाटतं पण कंटेम्प्टला त्याचा उपयोग नाही. शेवटी जो प्रत्यक्ष आदेशाचा भाग असतो तेवढाच कामाचा. तिथे तीन गोष्टी पेन्सिलीने खूण करा: कोणी करायचं, नेमकं काय करायचं, आणि कधीपर्यंत. तिन्ही स्पष्ट असतील तर तुमची केस भक्कम. शब्दांचे दोन अर्थ निघत असतील आणि समोरच्याने त्यातला एक धरून वागलेलं असेल तर कंटेम्प्ट होत नाही, आणि अवमानाचं कोर्ट मूळ आदेशात नवीन काही घालूनही देत नाही. आदेशात "पेन्शन द्या" असेल आणि व्याजाबद्दल काहीच नसेल तर कंटेम्प्टमध्ये व्याज मागून मिळत नाही. अशा वेळी आधी त्याच कोर्टात स्पष्टीकरणाचा अर्ज करा.

नोकरीच्या केसेसमध्ये सगळ्यात जास्त फसगत होते ती या एका वाक्यावर: "याचिकाकर्त्याच्या निवेदनावर ८ आठवड्यांत निर्णय घ्यावा." लोक पेढे वाटतात. अहो, यात तुम्हाला काही दिलेलं नाही, फक्त निर्णय घ्या म्हटलंय. अधिकाऱ्याने सातव्या आठवड्यात निवेदन फेटाळलं, कारणं अगदी पोकळ दिली, तरी आदेशाचं पालन झालं. तो निर्णय चुकीचा असेल तर तो नव्याने आव्हान द्यायचा विषय, नवी रिट याचिका (सरकारी कृतीविरुद्ध हायकोर्टात करतात ती), कंटेम्प्ट नाही. १९९६ सालीच सुप्रीम कोर्टाने जे. एस. परिहार विरुद्ध गणपत दुग्गर मध्ये हे सांगून ठेवलंय, तरी अजून लोक यावर कंटेम्प्ट टाकतात आणि सहा महिने घालवतात.

म्हणून ऑर्डर होत असतानाच, समोर डिक्टेशन चालू असताना, वकिलांना सांगा की मुदत टाकून घ्या. "चार आठवड्यांत" हे दोन शब्द तेव्हा फुकट मिळतात.

दुसरं: आदेश त्याला कळलाय हे सिद्ध होईल असं करा

समोरचा वकिलासह कोर्टात हजर असताना ऑर्डर झाली असेल तर रोजनाम्यातच (कोर्टाच्या रोजच्या नोंदीतच) ते येतं, प्रश्न मिटला. एकतर्फी मनाई असेल किंवा सरकारी ऑफिस असेल तर मात्र नीट पाठवा. स्पीड पोस्ट नोंदणी आणि पोचपावतीसह, ऑफिसला हाताने देऊन आवक शिक्का, ईमेल, आणि हो, व्हॉट्सअ‍ॅपही, पण फक्त व्हॉट्सअ‍ॅपवर अवलंबून राहू नका, आणि त्याचे स्क्रीनशॉट लावायचे तर भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ चं, म्हणजे इलेक्ट्रॉनिक पुराव्याचं, प्रमाणपत्र जोडावं लागतं हे लक्षात ठेवा. अधिकृत नोटीस बजावलीच नाही म्हणून समोरचा सुटतो असंही नाही, त्याला माहिती होती हे दाखवता आलं तरी चालतं, पण दाखवायचं ओझं तुमच्यावर, आणि इथे पुरावा फौजदारीसारखा कडक बघतात कारण शेवटी माणूस तुरुंगात जायचा विषय आहे.

सोबत एक साधं पत्र जोडा. अमुक तारखेचा आदेश, अमुक मुदत, पालन करा नाहीतर अवमानाची कारवाई करावी लागेल. शिवीगाळ नको, "तुमची नोकरी घालवतो" वगैरे नको, ते पत्र उद्या जज वाचणार आहेत.

मोडल्याचा पुरावा त्याच दिवशी गोळा करा. काकांच्या बांधाचं बघा, त्यांनी जेसीबीचे फोटो काढले होते पण फोनमध्ये तारीख चुकीची सेट होती, नशीब पुतण्याने पोलीस पाटलाला फोन करून बोलावलं होतं आणि स्टेशनला अर्ज देऊन त्याची पोच घेतली होती. ती पोच पुढे सोन्यासारखी उपयोगी पडली.

तिसरं, आणि सगळ्यात महत्त्वाचं: कंटेम्प्टच का?

इथे मी जरा रेंगाळणार आहे कारण नव्या माणसाची (आणि खरं सांगायचं तर नव्या वकिलाचीही) चूक इथेच होते. कंटेम्प्ट हा आदेश वसूल करायचा मुख्य रस्ता नाही. तो कोर्टाचा मान राखायचा रस्ता आहे, तुमचं काम त्यात झालं तर झालं. दुसरा सोपा रस्ता असेल तर हायकोर्ट बहुतेक वेळा तिकडेच पाठवतं.

तालुका किंवा जिल्हा कोर्टाचा तात्पुरता मनाई हुकूम मोडला तर त्याच कोर्टात सीपीसीच्या, म्हणजे दिवाणी प्रक्रिया संहितेच्या, ऑर्डर ३९ रूल २अ चा अर्ज. यात कोर्ट समोरच्याची मालमत्ता जप्त करू शकतं, तीन महिन्यांपर्यंत दिवाणी तुरुंगात पाठवू शकतं, किंवा दोन्ही. जप्ती एक वर्षापर्यंत राहते आणि तरीही तो ऐकत नसेल तर मालमत्ता विकून त्यातून नुकसानभरपाई द्यायची सोयही त्यात आहे. मुंबईला जायचं भाडं वाचतं, साक्षीदार गावातलेच, आणि ज्या जजने ऑर्डर दिली (किंवा त्यांच्या जागी आलेत) त्यांच्यासमोरच विषय. शिवाय मोडतोड चालूच असेल तर त्याच कोर्टाकडे पोलीस मदतीचा अर्ज करा, हा अर्ज लोक विसरतात, पण जागेवर कामाला येतो तो हाच.

अंतिम हुकूमनामा झालाय, म्हणजे दावा निकाली, ताबा द्या किंवा पैसे द्या असा डिक्री झालाय, तर दरखास्त, म्हणजे तो अंमलात आणायचा अर्ज. साधारण डिक्रीच्या दरखास्तीला १२ वर्षं मुदत असते, पण एखादी गोष्ट करायला लावणारी मनाई, म्हणजे भिंत पाडा, रस्ता मोकळा करा, अशा डिक्रीला फक्त ३ वर्षं. खूप जणांना १२ चाच आकडा माहीत असतो आणि तिथे फसतात. पैशाच्या डिक्रीसाठी कंटेम्प्ट डोक्यातूनच काढा. ऐपतच नसलेल्या माणसाला नुसतं कर्ज फेडलं नाही म्हणून तुरुंगात टाकता येत नाही, हे १९८० पासून जॉली जॉर्ज व्हर्गीस केसने पक्कं आहे. ऐपत असून टाळतोय हे दाखवलंत तर दरखास्तीतच अटक मागता येते.

बाकीचं पटकन. पोटगी थकली तर वसुलीचा अर्ज, पण रक्कम देय झाल्यापासून एक वर्षाच्या आत. घरगुती हिंसाचार कायद्यातला संरक्षण आदेश मोडला तर तो स्वतंत्र गुन्हाच आहे, कलम ३१, एक वर्षापर्यंत कैद किंवा २० हजारांपर्यंत दंड किंवा दोन्ही, थेट पोलीस स्टेशन. ग्राहक आयोगाचा आदेश पाळला नाही तर २०१९ च्या कायद्याचं कलम ७२, एक महिना ते तीन वर्षं कैद किंवा दंड किंवा दोन्ही. महारेराने, म्हणजे बांधकाम प्रकल्पांवरच्या राज्याच्या नियामकाने, बिल्डरला पैसे द्यायला सांगितलेत आणि तो देत नाही, तर वसुलीचं वॉरंट जिल्हाधिकाऱ्याकडे जातं आणि जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी वसुली होते. राज्य सरकारी नोकरीत मॅटचा (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाचा) आदेश असेल तर मॅटला स्वतःचाच अवमानाचा अधिकार आहे, तिथेच जा.

मग हायकोर्टात कंटेम्प्ट कधी? मुख्यतः हायकोर्टाचाच आदेश असेल तेव्हा, रिट याचिकेतला, आणि समोर सरकार, महामंडळ, जिल्हा परिषद, महापालिका असेल. किंवा कोर्टाला दिलेली हमी मोडली असेल. खालच्या कोर्टाचा अवमान झाला तरी १९७१ च्या कायद्याखाली शिक्षा द्यायचा अधिकार हायकोर्टालाच आहे, कलम १०, तालुका कोर्ट या कायद्याखाली स्वतः शिक्षा देत नाही, ते फार तर हायकोर्टाकडे रेफरन्स पाठवतं.

चौथं: कॅलेंडर काढा

१९७१ च्या कायद्याचं कलम २०. अवमान झाला त्या तारखेपासून १ वर्ष. ऑर्डरच्या तारखेपासून नाही, अवमान झाल्यापासून. समजा १० जानेवारी २०२५ ला आदेश झाला आणि त्या दिवसापासून ८ आठवड्यांची मुदत दिली, तर ७ मार्च २०२५ ला मुदत संपली, आणि तिथून तुमचं वर्ष सुरू. मुदत कॉपी मिळाल्यापासून असेल तर पोचपावतीची तारीख धरा, म्हणून ती पावती जपून ठेवा. वर्षाच्या आत याचिका दाखल झाली पाहिजे, पुढे कोर्टाने नोटीस काढायला वेळ लावला तर त्याची शिक्षा तुम्हाला नाही, २००१ च्या पल्लव शेठ निकालाने हे मिटवलंय.

आणि इथे सगळ्यात मोठा गैरसमज. दर तीन महिन्यांनी स्मरणपत्र पाठवत राहिलं की मुदत पुढे सरकते असं नाही हो. साहेब म्हणाले फाईल मंत्रालयात गेलीय, पुढच्या महिन्यात बघू, असं करत करत चौदा महिने काढलेले एक निवृत्त गुरुजी माझ्याकडे आले होते. स्मरणपत्रांची फाईल दोन इंच जाड. "अवमान अजून चालूच आहे" हा मुद्दा मांडता येतो, पण त्याच्या भरवशावर बसू नका, कोर्टं तो आता सहजासहजी ऐकत नाहीत.

तारखा मोजताना हेही बघा की समोरच्याने अपील केलंय का आणि स्टे (स्थगिती) मिळालाय का. स्टे असेल तर विषय संपला. नुसतं अपील दाखल केलंय, स्टे नाही, तर आदेश जिवंत आहे. मात्र स्टेचा अर्ज खरोखर पेंडिंग असेल तर कोर्ट सहसा आधी तो ऐकायला सांगतं. ऑर्डर तुमच्या बाजूने लागली की वरच्या कोर्टात कॅव्हेट टाकून ठेवा, ९० दिवस चालतं, म्हणजे तुम्हाला न ऐकता स्टे मिळत नाही.

पाचवं: याचिका

कोणत्या खंडपीठात? ज्याने आदेश दिला तिथेच साधारणपणे. मुंबई, नागपूर, छत्रपती संभाजीनगर, गोवा, आणि १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरचं सर्किट बेंच, ज्यात कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्ग येतात. जुनी केस मुंबईत चाललेली असेल आणि जिल्हा आता कोल्हापूरकडे गेला असेल तर दाखल करायच्या आधी रजिस्ट्रीत विचारून घ्या.

याचिकेत प्रतिवादी म्हणून नुसतं "मुख्य कार्यकारी अधिकारी" लिहून भागत नाही, अधिकाऱ्याचं नाव घाला, कारण जबाबदारी माणसाची ठरते, खुर्चीची नाही. मुदत संपली तेव्हा खुर्चीवर कोण होतं आणि आज कोण आहे, दोन्ही शोधा. बदली झाली असेल तर आजच्या अधिकाऱ्यालाही नव्याने आदेशाची प्रत द्या, नाहीतर तो म्हणणार मला माहीतच नव्हतं, आणि ते खरंही असू शकतं. आदेश एका खात्याला असेल तर राग म्हणून मंत्र्यापासून शिपायापर्यंत सगळ्यांना पार्टी करू नका.

मजकूर छोटा ठेवा. आदेश काय, कधी कळवला, मुदत कधी संपली, काय केलं नाही. चार पानात होतं. सोबत सर्टिफाइड कॉपी, पोचपावत्या, पत्रव्यवहार, प्रतिज्ञापत्र. त्याचे जुने भ्रष्टाचार, त्याच्या मेव्हण्याचं टेंडर, हे सगळं बाहेर ठेवा.

पुढे काय होतं हे आधीच सांगतो म्हणजे अपेक्षाभंग नको. नोटीस निघते, आणि दहातल्या बऱ्याच प्रकरणात नोटीस पोचल्यावर दोन वर्षं हलली नव्हती ती फाईल पंधरा दिवसात हलते. पुढच्या तारखेला सरकारी वकील पालनाचं प्रतिज्ञापत्र आणि त्यात चार ओळींची माफी घेऊन उभे राहतात, कोर्ट समाधानी झालं की याचिका निकाली. तुम्हाला वाटतं शिक्षा कुठेय? पण तुमची पेन्शन खात्यात आली ना. माफी मनापासून असेल तर ती सशर्त आहे एवढ्यावरून नाकारता येत नाही, असं कायद्यातच लिहिलंय. आणि प्रत्येक तारखेला अधिकारी हात बांधून उभा राहील ही आशाही सोडा, जानेवारी २०२४ मध्ये सुप्रीम कोर्टाने अधिकाऱ्यांना उठसूट प्रत्यक्ष बोलावू नये म्हणून कार्यपद्धतीच घालून दिलीय.

शिक्षा झालीच तर कमाल ६ महिने साधी कैद किंवा २,००० रुपये दंड किंवा दोन्ही. हो, दोन हजार, १९७१ पासून तेवढेच. दिवाणी अवमानात कायद्याचा कल दंडाकडे आहे, दंड पुरेसा नाही वाटला तर दिवाणी तुरुंग. पण हसू नका. २००६ मध्ये महाराष्ट्राचे माजी वनमंत्री स्वरूपसिंग नाईक आणि खात्याचे प्रधान सचिव, दोघांना सुप्रीम कोर्टाने एकेक महिना कैद सुनावली होती, लाकूड कारखान्यांना कोर्टाचा आदेश डावलून परवानगी दिली म्हणून. २०१९ मध्ये अनिल अंबानींना सांगितलं की चार आठवड्यात एरिक्सनचे ४५३ कोटी भरा नाहीतर तीन महिने आत, आणि मुदत संपायच्या आधी पैसे भरले गेले. तिथेही मूळ मुद्दा उधारीचा नव्हता, कोर्टाला दिलेल्या हमीचा होता.

याचिका फेटाळली तर? कलम १९ चं अपील शिक्षा झालेल्या माणसासाठी आहे, ३० दिवस, आणि डिव्हिजन बेंचने (दोन जजच्या खंडपीठाने) शिक्षा दिली असेल तर सुप्रीम कोर्टात ६० दिवस. तुमची याचिका फेटाळली तर तुम्हाला या कलमात अपील नाही, सुप्रीम कोर्टात अपिलाची विशेष परवानगी मागायची एवढंच उरतं. म्हणून कच्ची याचिका टाकू नका.

आणि आदेश तुमच्याच विरुद्ध असेल तर

हेही वाचा, कारण आज वादी असलेला उद्या प्रतिवादी असतो. आदेश चुकीचा वाटतोय, कोर्टाला अधिकारच नव्हता असं वकील सांगतात, तरी तो रद्द होईपर्यंत पाळायचा. मुंबईच्याच तय्यबभाई बगसरवाला प्रकरणात (१९९७) सिटी सिव्हिल कोर्टाला तो दावा चालवायचा अधिकारच नव्हता असं नंतर ठरलं, तरी त्याआधी मनाई मोडणाऱ्यांची शिक्षा सुटली नाही.

पाळता येत नसेल तर मुदत संपायच्या आधी मुदतवाढीचा अर्ज द्या. आधी. नंतर दिलेल्या अर्जाला सबबीचा वास येतो. अर्ध पालन झालं असेल तर तेवढं तरी करा आणि प्रतिज्ञापत्रावर सांगा, बाकीचं का अडलं ते कागदासकट लिहा, "निधी नाही" एवढं पुरत नाही. जैसे थे आदेश असेल तर त्या दिवशीचे फोटो काढून ठेवा, नंतर "जैसे" कसं होतं यावरच भांडण होतं. आणि कोर्टात उभं राहून हमीपत्र देताना दहादा विचार करा. वकील घाईत म्हणतील लिहून देऊ तीन महिन्यांत घर खाली करतो, तारीख तर निघून जाईल. ती हमी मोडली की विषय तडजोडीचा राहत नाही, अवमानाचा होतो.

काकांचं काय झालं? ३९-२अ चा अर्ज टाकला, शेजाऱ्याचं म्हणणं आलं की जेसीबी माझा नव्हताच, मग पोलीस स्टेशनची ती पोच आणि जेसीबीवाल्याचं प्रतिज्ञापत्र दाखल केलं, आणि तिसऱ्या तारखेला त्याच्या वकिलांनी बांध पूर्ववत करून देतो अशी पुरसिस (लेखी निवेदन) दिली. मे महिन्यात बांध घातला गेला. मोजणीवाला बोलावून, फोटो काढून ते रेकॉर्डला लावले. लॅमिनेट केलेली ती कॉपी मात्र क्लार्कने घेतली नाही, नवीन नकल काढावी लागली.